गवताचा ससा

ही गोष्ट सांगायची मी बरीच वर्षं टाळली. टाळायला कारणं कधी कमी पडली नाहीत. आधी नोकरी होती. मग निवृत्त झालो, तेव्हा 'आता कशाला' असं वाटू लागलं. पुढे, ज्यांची ही गोष्ट आहे ते भाऊ आजारी पडले, आणि आजारी माणसापुढे जुनं उकरू नये असं मी स्वतःला सांगितलं. आता भाऊ नाहीत.

मध्यंतरी वणीत त्यांच्या स्मृतीचा कार्यक्रम झाला. सूत्रसंचालन नेहमीप्रमाणे माझ्याकडे होतं. एका वक्त्याने त्यांच्या कामाबद्दल चांगलं पुष्कळ सांगितलं आणि शेवटी म्हणाला, "एवढ्या मोठ्या कामाला एकच डाग लागला, तो त्या शिकारीच्या सिनेमाचा." समोर बसलेल्यांच्या माना हलल्या. मी माइकपाशी उभा होतो. "धन्यवाद" म्हणालो आणि पुढच्या वक्त्याचं नाव पुकारलं.

तो डाग भाऊंचा नव्हता, माझा होता. हे लिहितो आहे ते त्यासाठी. पण एवढंच सांगून थांबलो तर वाचणाऱ्याला वाटेल, भाऊ म्हणजे कोणी सोसत, कुढत जगलेला माणूस असावा. तसे ते मुळीच नव्हते. मी पाहिलेल्या माणसांत इतकं मजेत जगलेलं दुसरं कोणी मला आठवत नाही.

बायको सोडून सगळं गाव त्यांना भाऊ म्हणायचं. मूळचे दारव्ह्याकडचे. घरची कापसाची, तुरीची शेती होती, ती धाकट्या भावाला कसायला देऊन ते वणीला आले आणि लग्नाच्या शूटिंगचा धंदा सुरू केला. धंदा चांगला चालला असता. पण एका डाळमिलवाल्याच्या मुलीच्या लग्नानंतर त्याला उतार लागला. त्या लग्नाची सीडी पाहायला शेटजींनी सगळे नातेवाईक गोळा केले होते. मंगलाष्टकं सुरू झाली, आवाज चढत गेला, आणि ऐन 'सावधान'ला पडद्यावर दिसली ती मंडपाच्या हॅलोजनवर टपून बसलेली पाल. नवरा-नवरी नाहीत, अक्षता नाहीत. पाल दबा धरते, पुढे सरकते, थांबते, आणि बँडचा दणका होतो त्या क्षणी पाकोळीवर झेप घेते. शेटजींनी भाऊंना बोलावून घेतलं.

"भाऊ, माह्या पोरीचं लगन कुठी आहे याच्यात?"

"आहे ना शेटजी, आवाज येऊन राह्यला."

"अन् हे पाल?"

"जवाई तं तुमाले जलमभर दिसन. पाल अशी झेप रोज नाई घेत."

पैसे मिळाले की नाही ते मी कधी विचारलं नाही. पण हा किस्सा सांगताना भाऊ डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसत, आणि शेवटी म्हणत, "सुटलो बाप्पा." त्यानंतर ते जंगलात जायला लागले ते लागलेच.

जंगलात जायचं म्हणून त्यांनी साबण सोडला, डोक्याचं तेल सोडलं, कांदा-लसूण सोडला. जंगलातले कपडे पळसाच्या पानांत गुंडाळून बाहेर टांगलेले असत. घरात उदबत्ती लावायची चोरी. वहिनींच्या तोंडाला फार धार. मी एकदा घरी गेलो तर दारातच म्हणाल्या, "या गुरुजी, पण जरा लांबूनच बसा. याहिच्या आंगाले रोह्याचा वास येते. म्या रोह्याशीच लगन लावलं असतं तं बरं होतं, निदान चारा तरी सोता जाऊन खाल्ला असता त्यानं." रोही म्हणजे नीलगाय. आतून भाऊंचा आवाज आला, "रोही एवढं ऐकून घेत नाई कोणाचं." दोघांचा संसार असा चालला होता आणि छान चालला होता.

माझी त्यांची ओळख माझ्या आवाजामुळे झाली. मी वणीच्या एका हायस्कुलात मराठी शिकवत होतो, आणि गावातला गणेशोत्सव असो की सत्कार, माइक माझ्या हातात असायचा. एका कार्यक्रमानंतर भाऊ जवळ आले आणि म्हणाले, "मास्तर, मले तुमचा आवाज पाह्यजे. बोलणं नाई, आवाज." मला ती स्तुती वाटली. पुढे कळलं की त्यांनी अगदी नेमकं सांगितलं होतं.

त्यांच्या पहिल्या फिल्मसाठी मी सागाच्या जंगलावर चार पानं निवेदन लिहिलं. त्यात उपमा होत्या, ज्ञानेश्वरीतली एक ओवी होती. भाऊंनी पेन्सिल घेतली आणि एकेका वाक्यावर ठेवून विचारत गेले, "हे काढलं तं लोकाइले काय दिसणार नाई?" मी गप्प झालो की ते वाक्य गेलं. चार पानांतून तीन वाक्यं उरली. मी रागावून विचारलं, "मग मला कशाला घेतलंत?" तर म्हणाले, "तुमी चूप बसल्यावर पण तुमचा आवाज आहे असं वाटत राह्यते. थे लय कामाचं आहे."

कॅमेरा लावण्याची त्यांची पद्धत मी इतर कोणाची पाहिली नाही. पाणवठ्यावर जायचं, तिकाटण्यावर कॅमेरा चढवायचा, त्यावर आपला दुपट्टा टाकायचा, आणि शेजारी मांडी घालून बसायचं. सकाळ गेली, दुपार गेली, तरी दुपट्टा निघायचा नाही. मी कंटाळून विचारायचो, "भाऊ, काढायचं कधी?" ते म्हणायचे, "आधी त्याइले आपल्याले पाहू द्या. मंग आपण पाहू." एकदा मोहाच्या झाडाखाली अशीच बैठक चालू असताना एक अस्वल आलं. भाऊ हलले नाहीत. हलले नाहीत म्हणजे हलता येईना. ते स्वतःच सांगत, "माहे पाय तवा माह्या मालकीचे नोयते." अस्वलाने कॅमेरा हुंगला, दुपट्टा ओढून पाडला, काचेवरून जीभ फिरवली आणि मोहफुलं खायला निघून गेलं. त्यानंतरचं सगळं चित्रण त्या थुंकीच्या डागातून झालेलं आहे. मी म्हटलं, "पुसून तरी घ्यायचं." तर म्हणाले, "त्यानं सही केली ना मास्तर. पुसता काय?"

एका बाबतीत मात्र हा हसरा माणूस कडक होता. दोन चित्रं एकमेकांना चिकटवण्याला ते 'जोड' म्हणत, आणि जोडाबद्दल त्यांचं सोवळं होतं. एकदा त्यांच्याकडे वाघाचं फार सुंदर चित्रण होतं, दबा धरून कुठेतरी टक लावून पाहणारा. आणि दुसऱ्या दिवशीचं चितळांचं होतं, एकदम माना वर करून दचकलेली. मी म्हटलं, "ही दोन लागोपाठ लावा, काय मजा येईल!" ते माझ्याकडे पाहतच राहिले.

"हा वाघ सोमवारचा. हे चितळ मंगळवारचं. याहिची भेटच नाई झाली मास्तर."

"लोकांना काय कळणार?"

"लोकाइले नाई कळणार म्हणून तं करू नये." मग म्हणाले, "बंदुकीनं जनावर एकदाच मरते. खोट्या जोडानं जितके खेप दाखवसान तितके खेप मरते."

हे मी माझ्या कानांनी ऐकलं होतं. तरीही पुढचं घडलं.

झरीकडच्या टेकड्यांत कोलाम आदिवासींचं एक पोड आहे. पोड म्हणजे त्यांची वस्ती. पंधरा-वीस घरं, मधे मोकळी जागा, आणि खालून जाणारा एक नाला. भाऊंचं अर्धं आयुष्य त्या पोडावर गेलं. जंगलाचं एक पूर्ण वर्ष, एका होळीपासून दुसऱ्या होळीपर्यंत, त्या पोडाच्या डोळ्यांनी दाखवायचं असं त्यांच्या मनात होतं. त्यासाठी ते वर्षानुवर्षं थोडं थोडं चित्रण करत होते. घाई नव्हती. "वर्स पुन्हा येतेच," असं म्हणत.

त्या पोडावर होळीनंतर पारध निघायची. पूर्वी ती खरी शिकार होती. पण जंगल रिकामं होत चाललेलं पाहून आताच्या नाईकाच्या, म्हणजे पोडाच्या प्रमुखाच्या, बापाने जंगलाच्या देवापुढे शब्द दिला की आमच्या पोडाचा बाण जिवंत जनावराला लागणार नाही. कायदा तर होताच, पण तिथे कायद्यापेक्षा तो शब्द मोठा. मात्र पारध सोडायची कशी? तिच्यावाचून वर्ष सुरू होत नाही. म्हणून त्यांनी गवताचा ससा करायला सुरुवात केली. बाया तो वळतात, कान-शेपटी सगळं करतात, आणि एक म्हातारी पहाटे जाऊन तो जंगलात लपवून येते. कुठे, ते पुरुषांना माहीत नसतं. मग पुरुष वागुरा, म्हणजे जाळी, घेऊन निघतात. हाका होतो, कुत्री भुंकतात, आणि ससा सापडला की नाईक त्यावर बाण सोडतो. पाहणाऱ्याला आधी हसू येतं. थोड्या वेळाने येत नाही. ती माणसं खरोखर शोधत असतात.

सगळ्यात सुंदर असतो तो वाटा. पोडावर परत आल्यावर सगळे गोल बसतात, ज्वारीच्या कण्या आणि वरण शिजतं, आणि तो ससा उसवून त्याचं गवत मुठीमुठीने वाटतात, प्रत्येक मुठीसोबत खायला कण्या-वरण. पारधीत होता त्या प्रत्येकाला वाटा. पाहुण्याला वाटा, कुत्र्यालाही वाटा. मात्र वाटा घेण्याआधी आपण पारधीत काय केलं ते सगळ्यांसमोर खरं सांगायचं. आणि एकदा वाटा खाल्ला की त्या पारधीबद्दल पुन्हा कधी खोटं बोलायचं नाही. त्यामुळे तिथे जी हसाहशी चालते ती ऐकण्यासारखी असते. "म्या बोरीच्या झाडाखाली बिडी ओढत होतो." घ्या वाटा. "माह्या पायाखाली ससा होता, मले दिसलाच नाई." घ्या, आणि वर टपलीही घ्या.

मी पहिल्यांदा गेलो तेव्हा माझी पाळी आली. मी उठून उभा राहिलो आणि निसर्ग आणि माणूस यांच्या नात्यावर बोलू लागलो. नाईकाने थोडा वेळ ऐकून घेतलं. मग म्हणाला, "गुरुजी, केलं काय थे सांगा."

"बसून होतो."

"हां. घ्या."

भाऊंची पाळी आली तेव्हा ते म्हणाले, "बाण सुटला तवा माहे डोळे मिटले. कॅमेऱ्यानं पाह्यलं, म्या नाई." सगळं पोड हसलं, आणि नाईकाने दोन वाटे दिले, एक त्यांना आणि एक कॅमेऱ्याला.

मीही त्या दिवशी वाटा खाल्ला होता, ही गोष्ट मी नंतर विसरलो. की विसरून घेतली.

त्या पारधीची एक छोटी फिल्म भाऊंनी आधी वेगळी तयार केली. नागपूरच्या एका कार्यक्रमात ती दाखवायची होती. जोड सगळे भाऊंनी घरी करून ठेवलेले. उरलं होतं ते स्टुडिओत जाऊन माझा आवाज भरणं आणि शेवटचा हात फिरवणं. पण निघायच्या वेळीच एका अस्वलीने पिल्लं गुहेबाहेर काढली. भाऊ कुठले यायला! "तुमी जा मास्तर. आवाज भरा अन् वापस या. जोडाले हात नोका लावू." एवढं सांगून डिस्क माझ्या हातात दिली आणि गेले.

स्टुडिओत खर्रा चघळत बसलेला एक संकलक होता. माणूस कामाला पक्का. फिल्म पाहता पाहता तो रंगत गेला. हाका, कुत्री, वाकलेला नाईक, ताणलेली दोरी. आणि मग पडद्यावर आला गवताचा ससा. तो खो खो हसला.

"सर, इतका माहोल बनला, अन् शेवटी हा गवताचा बोका? पब्लिक हसन ना सर."

मला ते हसू डोळ्यांपुढे दिसलं. नागपूरचं सभागृह, माझा आवाज टिपेला गेलेला, आणि त्यावर हशा. मला लाज वाटली. पोडावरच्या माणसांची नाही, माझी. आणि मला आठवलं की त्याच डिस्कवर आणखी एक ससा आहे. वणीच्या कोळशाच्या रस्त्यावर पहाटे ट्रकखाली आलेला तो ससा भाऊंनी चित्रित केला होता, आणि मग उचलून कडेला गवतात ठेवला होता. संकलकाला तो माहीत असण्याचं कारण नव्हतं. मीच म्हणालो, "एक खरा ससा आहे."

नाईकाचा बाण सुटला आणि रक्ताने भिजलेला ससा पडला. वर मी एक वाक्यही घातलं, "रानाचं देणं माणसाच्या पदरात पडलं." आवाज फार छान लागला होता. कार्यक्रमात टाळ्या पडल्या आणि मी उठून त्या घेतल्या.

टाळ्यांमागोमाग तो तुकडा मोबाइलवरून फिरू लागला. आठवडाभरात वनखात्याची माणसं पोडावर गेली. त्यांचं काही चुकलं असं मी म्हणणार नाही. त्यांनी पाहिलं ते असं होतं की बाण सुटतो आणि ससा मरतो. नाईक आणि आणखी दोघांना ते घेऊन गेले. भाऊंना कळताच ते मूळ चित्रण घेऊन धावले, साहेबांसमोर बसून गवताचा ससा त्यांना दाखवला, आणि संध्याकाळच्या आत तिघांना सोडवून आणलं. जप्त झालेल्या वागुरा मात्र तिथेच राहिल्या.

तिथून भाऊ सरळ माझ्या घरी आले. मी दारातच होतो. वाटलं, आता ओरडतील. ओरडले असते तर बरं झालं असतं.

"जोड तुमचा?"

"हो."

"ससा कोळशाच्या रोडचा?"

"हो."

ते खुर्चीवर बसले. बराच वेळ अंगणातल्या चिमण्या पाहत राहिले. मग म्हणाले, "चाय सांगा."

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघं पोडावर गेलो. वाटेत ते म्हणाले, "तुमी काही बोलू नोका. तुमची नोकरी आहे, रिटायर व्हाले आले, कायले चौकशी लावून घेता? सिनेमा माह्या नावाचा आहे, मी पाहून घेतो." हे ते खरंच म्हणाले. पण त्यांनी मला आयुष्यात जेवढं सांगितलं त्यातलं हे एकच मी इतक्या झटकन ऐकलं.

पोडावर माणसं गोल बसली होती, वाट्याच्या वेळी बसतात तशीच. नाईक आवाज न चढवता बोलत होता. "पोलिसाइचं काही नाई, साहेबाचं काही नाई. सोडलं त्याइनं. पण माह्या बापानं देवाले शब्द देल्ता. आता दुनिया म्हणते, कोलामानं शब्द मोडला." मग त्याने भाऊंकडे पाहिलं. "हे कोणं केलं?"

"म्या," भाऊ म्हणाले.

नाईकाने माझ्याकडे पाहिलं. मी माझ्या चपलांकडे पाहिलं. त्याने पुन्हा विचारलं, "भाऊ, नीट सांगा. कोणं केलं?"

"म्याच केलं नाईक."

"मंग आता नाल्याच्या अल्याड नोका येऊ."

भाऊंनी हात जोडले. आम्ही नाला ओलांडून परत आलो. मला वाटलं होतं ते मोडून पडतील. पलीकडच्या काठावर एक जुना मोह होता, त्याच्या सावलीत ते बसले, दुपट्ट्याने तोंड पुसलं आणि म्हणाले, "जागा वाईट नाई मास्तर."

पुढची सगळी वर्षं त्यांनी त्याच मोहाखाली काढली. नाल्यापलीकडे कधी पाऊल टाकलं नाही, आणि तिथे जाणंही सोडलं नाही. मी अधूनमधून जायचो. त्यांना कुढताना मला पाहायचं होतं, असं आता वाटतं. म्हणजे माझं मला काही तरी करावं लागलं असतं. ते कुढले नाहीत. "पह्यले मी जनावराइच्या मागे लय धावलो," म्हणायचे. "आता सगळे पाणी प्याले माह्याकडेच येतात." खरंच, त्यांचं सगळ्यात चांगलं काम त्या काठावरचं आहे. धनेशाची जोडी, पाण्यात बसून राहिलेलं डुक्कर, उन्हाळ्यात आटत जाणारा डोह.

पोडावरची माणसंही येत. बाया पाण्याला येत आणि पलीकडून चौकशी करत. नाईक तर रोज काठावर येऊन बसायचा. हा इकडे, तो तिकडे, मधे नाला, आणि ओरडून ओरडून गप्पा.

"भाऊ, वाघ कुठी आहे आज?"

"तुमच्या पाठीमागे."

"मंग त्याले सांगजा, म्हाताऱ्यात मास नाई!"

दोघं हसत. पण कोणी नाला ओलांडत नसे. आणि होळीनंतर पारधीचा दिवस आला की भाऊ सकाळपासून मोहाखाली बसून नुसता हाका ऐकत. त्या दिवशी कॅमेऱ्यावरचा दुपट्टा निघायचा नाही. त्यांचं जंगलाचं वर्ष त्या एका दिवसापुरतं अपुरंच राहिलं. हातात होती ती पारध माझ्या जोडाने बाटलेली, आणि ती त्यांना पुन्हा दाखवायची नव्हती.

स्मृतीच्या कार्यक्रमानंतर मला घरात बसवेना. मी काळी-पिवळी जीपमधून झरीच्या फाट्यावर उतरलो आणि इतक्या वर्षांनी पोडावर गेलो. नाईक फार म्हातारा झाला आहे. दाराशी बसून बांबूच्या कामट्या सोलत होता. मी उभ्या उभ्याच सांगून टाकलं. ससा रस्त्यावरचा होता, जोड माझा होता, भाऊंना काही माहीत नव्हतं.

"बसा गुरुजी," तो म्हणाला. "मालूम आहे."

तो कामटी सोलत सोलत सांगू लागला. "थो आमाले दाखोल्याबिगर काही बाहीर नेत नोयता. तुमी नागपूरले गेले त्याच्या आधी त्यानं या भितीवर चादर बांधून आख्खा सिनेमा दाखोलता. गवताचाच ससा होता. मंग तिकडे गेल्यावर खरा कसा झाला? नेला कोणं होता?"

"मग त्यांना का अडवलं?"

"त्यानं खोटं सांगतलं," नाईक म्हणाला. "वाटा खाल्लेल्या माणसानं. दरसाल पारधीच्या दिवशी सांजच्याले म्या नाल्यावर जाये. इचारे, 'भाऊ, कोणं केलं?' थो म्हणे, 'म्याच.' म्या वापस येई. एक डाव जरी खरं सांगतलं असतं, तं हात धरून आणला असता." त्याने कामटी बाजूला ठेवली. "लय जिद्दीचा माणूस. हासे अन् म्हणे, म्याच."

"मला का नाही विचारलं?"

"तुमी तं होते ना तिथी. सांगसान म्हणून वाट पाह्यली." आणि मग, अगदी साधेपणाने, "तुमाले कोणं अडवलं नोयतं गुरुजी. तुमीच नाई आले."

त्याच्या सुनेने काळा चहा आणला. तो प्यायलो. निघताना नाईक म्हणाला, येत्या पारधीला वहिनींना घेऊन या, भाऊंचा वाटा द्यायचा राहिला आहे. मी वहिनींना निरोप सांगितला आणि माझंही सगळं सांगितलं. त्या म्हणाल्या, "दरसाल त्या दिवशी घरी आले का जेवत नोयते. मले वाटे, ऊन लागलं." पारधीला मात्र येणार आहेत. कोणतं लुगडं नेसायचं ते मला विचारत होत्या.

आता एकच गोष्ट राहिली. भाऊ शेवटच्या आजारात घरीच होते. कॅमेरा खाटेजवळ, खिडकीकडे तोंड करून ठेवलेला. खिडकीबाहेर कडुलिंब होता आणि त्यावर खारींचं घर. मी गेलो होतो तो सांगायचं ठरवूनच. वाक्यं मनात जुळवली होती. मला पाहून त्यांना इतका आनंद झाला की उठून बसले. खार पिल्लांना एक एक करून तोंडात धरून दुसऱ्या ढोलीत कशी नेते ते मला दाखवलं. दोन पिल्लं गेली होती, तिसऱ्याची आम्ही दोघं वाट पाहत होतो.

मधेच माझ्याकडे न पाहता त्यांनी विचारलं, "काय मास्तर, काही सांगाचं होतं का?"

"नाही," मी म्हणालो. "सहज आलो."

"बरं केलं," ते म्हणाले, आणि माझ्या गुडघ्यावर हात ठेवून पुन्हा खिडकीबाहेर पाहू लागले.

तेव्हा मला एवढंच म्हणायचं होतं. भाऊ, माझं चुकलं. गाडी घेऊन आलो आहे. चला, पोडावर जाऊ. मी सांगतो त्यांना.